नातीची म्हैस आणि कुकरातला केक

ज्वारीच्या पिठाचा केक फुगत नाही, हे मला कुणी आधी सांगितलं असतं तर मी ओढ्यातली एवढी वाळू चाळत बसले नसते. पण आमच्या घरात मला कुणी काही आधी सांगत नाही. झाल्यावर सांगतात, तेही हसत हसत.

आमचं गाव बिदर जिल्ह्यातल्या औराद तालुक्यातलं. मे महिन्यात आमचं घर भरायचं. धाकटा दीर पुण्याकडच्या एका कारखान्यात लागला होता, नणंद सोलापूरला दिलेली, आणि माझी एकुलती लेक लग्न होऊन हैदराबादला. जावई कॉम्प्युटरच्या कंपनीत. त्या वर्षांत आमच्याकडचा जो तो कुठे ना कुठे जातच होता. उरलेलं वर्षभर घरात मी, हे आणि म्हशी. त्यामुळे ते मे महिन्यातले दिवस माझ्यासाठी काय होते ते सांगून कळायचं नाही. एप्रिलपासून मी गाद्या उन्हात घालायचे, आणि माणसं आली की दुसऱ्याच दिवशी त्यांच्यावर चिडायला लागायचे. पण आली पाहिजेत, हे मात्र खरं.

या दिवसांत माझी नानखटाई ठरलेली. लेक लहान होती तेव्हापासून. मैदा, पिठीसाखर, डालडा घरून न्यायचं, बेकरीतच परातीत मळायचं, आपल्या हातानं पत्र्यावर मांडायचं आणि भट्टीतून भाजून डबे भरून आणायचे. उन्हाळ्यात बेकरीच्या दारात बायकांची रांग लागायची आणि कुणाची जास्त खुसखुशीत यावरून तिथेच तोंडं वाकडी व्हायची. माझ्या नानखटाईचं लोक नाव काढायचे. हे मी फुशारकी म्हणून सांगत नाही, पुढचा राग कळावा म्हणून सांगते.

आणि ह्यांचं दूध ठरलेलं. ह्यांच्या घराण्यात दोन पिढ्यांपूर्वी नुसती गुरं-मेंढरं घेऊन फिरणं होतं, शेती नंतर आली. त्यामुळे ह्यांच्या लेखी दुधानं बरा होत नाही असा आजार नाही. डोकं दुखलं, दूध. पाय मुरगळला, दूध. परीक्षेत नापास झाला, त्यालाही दूध. घरात लहान मूल आलं की भल्या सकाळी गोठ्यात नेऊन धारोष्ण पेला त्याच्या तोंडाला लावायचा, मूल रडलं तरी.

तर झालं असं की एका मे महिन्यात माझी नात, लेकीची पोरगी, सकाळी ह्यांचं दूध आणि दुपारी माझी नानखटाई खाऊन वाळत चालली. पोट फुगायचं, उलट्या व्हायच्या. आम्ही म्हटलं ऊन बाधलं. आधी बिदरला नेलं, मग हैदराबादला. तिथल्या मोठ्या डॉक्टरनं सांगितलं की गव्हातला चिकट भाग हिच्या आतड्याला सोसत नाही, जन्मभर सोसणार नाही. आतडं खराब झाल्यामुळे दूध, तूप, दही हेही बंद. कधी सुरू करायचं ते नंतर बघू. अंडं जावयाच्या घरी आधीपासूनच चालत नव्हतं. म्हणजे राहिलं काय ते बघा.

पुढच्या वर्षी मे जवळ आला तसा जावयाचा फोन आला. तो माणूस कमी बोलतो, आणि बोलतो ते नीट बोलतो, याचा मला फार राग येतो. म्हणाला, या वेळी येतो, पण तिथे तिची तब्येत बिघडली तर पुन्हा मे महिन्यात येणं जमणार नाही. तुम्हीच हैदराबादला येत जा. मी बरं म्हटलं आणि फोन ठेवला. हैदराबादला मी गेले होते एकदा. चौथ्या मजल्यावरून खाली बघत बसायचं आणि लेक ऑफिसातून कधी येते याची वाट बघायची. त्याला येणं म्हणत नाहीत. लेक घरी यायची थांबली असती तर माझं वर्ष कशासाठी सरलं असतं, मला माहीत नाही. आणि तो चुकीचंही बोलत नव्हता. म्हणून तर जास्त राग आला.

दिराला सांगितलं तर त्यानं पुण्याहून फोनवरच तोडगा काढला: तिचं ताट वेगळं करू. स्वतंत्र भांडी, स्वतंत्र स्वयंपाक, झालं. त्याला सोपंच वाटणार. मी त्या घरात लग्न करून आले तेव्हा महिन्यातले ते दिवस माझं ताट वेगळं असायचं, ओसरीच्या कोपऱ्यात. ह्यांच्या चुलतीला छातीचा आजार होता, तिचं ताट मरेपर्यंत वेगळं होतं. रानात कामाला येणाऱ्यांच्या कपबशा वळचणीला खोचलेल्या मी माझ्या डोळ्यांनी बघितल्यात. आमच्या घरात वेगळं ताट कुणाला मिळतं ते मला दिरानं शिकवायची गरज नव्हती. सात वर्षांची पोर, आजोळी आलेली, आणि बाकीची पोरं गोडधोड खाताना ती आपल्या डब्याकडे बघत बसणार? मी म्हटलं, जे ती खाईल तेच सगळे खातील. माझ्या घरात एकच गोड होईल.

म्हणायला काय जातं. करताना नाकी नऊ आले.

ज्वारी चालते म्हटल्यावर सगळ्यांना वाटलं, आता काय अवघड आहे. भाकरी चालते, हे मलाही कळत होतं. पण भाकरी ती रोजच खात होती. तिला केक पाहिजे होता. दिराच्या पोरांना पुण्यात केक, नणंदेच्या पोरांना सोलापुरात केक, टीव्हीवर केक. लेकीनं फोनवर सांगितलं, आई, कुकरमध्ये वाळू घालून केक होतो. तिला हे इंटरनेटवरून कळलं होतं. मी विचारलं, त्या इंटरनेटवर वाळू कोण चाळून देतं? ती हसली. मी हसले नाही.

आधी पिठाचं बघायचं होतं. गिरणीत गव्हावर ज्वारी दळली की जात्यात राहिलेला गहू ज्वारीत येतो, आणि डॉक्टरनं तेवढंही नको म्हणून सांगितलं होतं. गिरणीवाल्याला समजावलं. तो म्हणाला, अक्का, गावाला इतकी वर्षं दळून द्यायलोय, कुणाला काय झालं न्हाई. शेवटी कबूल झाला की दगडाला टाकी लावली, म्हणजे छिन्नीनं टोचून साफ केला, की दुसऱ्या दिवशी सकाळी सगळ्यात आधी तुमचं दळण. मी उजाडता उजाडता पोचले. गिरणी सुरू होती. टाकी लावल्यावर दगडाची कच निघते, ती माझ्या पिठात येऊ नये म्हणून त्या भल्या माणसानं आधी दोन ओंजळी गहू दळून घेतले होते. माझ्यावर उपकार म्हणून. त्याच्यावर ओरडावं की त्याचे आभार मानावेत हे न कळून मी ज्वारीचं पोतं तसंच घरी आणलं.

घरात जुनं जातं होतं. आता ते फक्त लग्नात हळद दळायला निघायचं. ते मागच्या कोपऱ्यातून ओढून काढलं, धुतलं, वाळवलं आणि या वयात खुंटा धरून बसले. पहिलं पीठ पिवळं निघालं. दिराच्या लग्नातली हळद असावी. हे गोठ्यातून येता येता थांबले, पिठाकडे बघितलं आणि विचारलं, कुणाचं लगीन काढायलीस. मी पुन्हा पाण्याची बादली आणली. दुसऱ्यांदा धुतलं, दुसऱ्यांदा दळलं.

मग वाळू. ओढ्यातून आणली, चाळली, धुतली, चुलीवर भाजली. जुन्या कुकरचं रबर काढलं, शिट्टी काढली, तळाला वाळू, वाळूवर रिंग, रिंगवर डबा. पिठात गूळ, करडीचं तेल, नारळाचं दूध, अंड्याच्या जागी भिजवून वाटलेलं जवस, खायचा सोडा आणि वर लिंबू पिळलं. पहिला केक बाहेरून जळला आणि आतून लापशी राहिला. दुसऱ्यात वाळू गेली. तिसरा ताटात उपडा केला तर त्याचा भुगा झाला, डब्याला चिकटलेलं बूड तेवढं अखंड. ज्वारीला गव्हासारखा चिकटपणा नाही, ती एकमेकीला धरून राहत नाही. हे मला भाकरी थापताना आयुष्यभर माहीत होतं, पण केक म्हटल्यावर मी माझंच डोकं बाजूला ठेवलं होतं. मग थोडं पीठ उकळत्या पाण्यात घालून उकड काढली, ती बाकीच्यात मळली, तेव्हा कुठे केक डब्यातून अखंड निघाला. फुगला नाही. पण फुटलाही नाही.

ह्यांनी बोटानं टकटक करून बघितला आणि म्हणाले, चांगला भाजलाय, घराच्या पायात घालायला होईल. चाखून बघा म्हटलं तर नको म्हणाले. दूध नसलेलं गोड आपल्या घशाखाली उतरत नाही, म्हणे. नातीला दूध बाधतं यावर तर त्यांचा विश्वासच नव्हता. हैदराबादचं पाकिटातलं बाधलं असेल, आपल्या म्हशीचं बाधलं असं खानदानात कुणी ऐकलेलं नाही, हे ते रोज संध्याकाळी भिंतीला सांगायचे. भिंत म्हणजे मी.

मंडळी आली. लेक आली, जावई आला, आणि नात आली. अंगानं थोडी भरली होती, पण डोळ्यांत ती आजारी माणसाची सावध नजर तशीच. समोर काही आलं की आधी आईकडे बघायची. मी तिला मांडीवर घेतलं आणि मला एकदम रडू आलं, ते मी कांद्यावर ढकललं.

दुसऱ्या दिवसापासून गावातल्या बायका बघायला यायला लागल्या. पोर आजारी होती हे गावाला ठाऊक होतं, आणि आजारी लेकराला बघायला रिकाम्या हातानं कुणी येत नाही. प्रत्येकीच्या हातात बिस्किटाचा पुडा. गहू आणि दूध, दोन्ही एकात. पोर हात पुढे करायच्या आत मी पुडा घ्यायचे, लई बरं केलंत म्हणायचे, आणि आत जाऊन वरच्या फळीवर ठेवायचे. एका म्हातारीनं तर स्वतःच्या हातानं पुडा फोडला आणि एक तरी खा ग माय म्हणून बिस्किट तिच्या तोंडाशी नेलं. मी मधे हात घातला तेव्हा ती म्हातारी दुखावली ती दुखावलीच. नंतर बाजारात भेटली की तोंड फिरवायची. प्रत्येकीला आतडं समजावून सांगायला मी काय डॉक्टर होते? फळीवर पुड्यांची भिंत झाली. त्यातले निम्मे दिरानं चहाबरोबर संपवले, तेही मी दिले म्हणून नाही, चोरून.

दुपारच्या पंगतीत केक वाढायचे. दीर म्हणायचा, वहिनी, चव आहे, फक्त दातांचं बघा. पुण्याची पोरं नाकं मुरडायची आणि तुकडा ताटाखाली लपवायची. मी ताट उचलून दाखवायचे आणि संपव म्हणायचे. नात मात्र केक खायची कमी आणि सगळ्यांची ताटं बघायची जास्त. या टोकापासून त्या टोकापर्यंत, प्रत्येकाच्या ताटात तोच काळा तुकडा आहे ना, हे बघून घेतल्यावर मग स्वतःचा तोंडात घालायची. तिनं असं बघितलं की मला जात्यावरचे सगळे दिवस वसूल झाल्यासारखे वाटायचे. पोट बिघडलं नाही. पहिला दिवस गेला, दुसरा गेला. जावई जेवताना मोबाइल खाली ठेवायला लागला होता. मी मनात म्हटलं, जमलं.

आणि ती म्हैस व्याली.

ही म्हैस कोण ते सांगायला पाहिजे. ह्यांच्या घराण्यात अशी रीत की घरात नात जन्माला आली की त्यानंतर होणारी पहिली वगार, म्हणजे म्हशीची पारडी, तिच्या नावाची. नुसतं नाव देऊन सोडायचं नाही. ती वगार मोठी होऊन पहिल्यांदा व्याली की पहिलं दूध आधी त्या नातीच्या ओठाला लागलं पाहिजे. तोवर घरात कुणी ते दूध तोंडाला लावायचं नाही, चहाला घ्यायचं नाही, डेअरीला घालायचं नाही. माझ्या नणंदेच्या नावाची होती, लेकीच्या नावाची होती. नातीच्या नावाची ही, कमठाण्याहून आणलेल्या म्हशीची वगार. म्हशी सहसा पावसाळ्यात वितात. हिला मे महिनाच सापडला, आणि त्यातही हेच चार दिवस.

दुपारची वेळ. पारडू नर निघालं, टोणगा. म्हणजे ज्याला म्हशीच्या धंद्यात कुणी विचारत नाही, जगलं तर जगलं. पण म्हैस पहिलारू आणि कास भरलेली, म्हणून हे आनंदानं वेडे झाले होते. खरवस होणार हे कळल्यावर दीर आणि नणंद आधीच वाट्या घेऊन गोठ्याच्या दारात. नणंद म्हणाली, वहिनी, तुमचा वाळूचा कुकर धुऊन ठेवा, खरवस लावायचाय. मी केकचं पीठ मळत होते. हात तसेच घेऊन गोठ्याकडे गेले, तर हे चरवीत पिवळसर घट्ट चीक घेऊन नातीसमोर उकिडवे बसलेले. लेक दाराशी उभी, तिचा चेहरा पांढरा पडलेला. बापाला नाही म्हणायची तिची कधी हिंमत झाली नाही. जावई अंगणातून उठून इकडेच निघाला होता.

हे म्हणत होते, पाजत नाही, नुसतं बोट लावतो ओठाला. घराण्याची रीत आहे, एका बोटानं काय होतंय.

काय होतंय ते मला माहीत होतं. जावई उद्याच गाडी काढणार होता आणि ती गाडी परत येणार नव्हती. मी एवढ्या वर्षांत माणसांसमोर ह्यांना कधी आडवी गेले नव्हते. त्या दिवशी गेले.

"तिच्या ओठाला थेंब लागला तर मी बी तिच्यासंगं हैदराबादला जाते," मी म्हटलं. "म्हशी तुम्हीच सांभाळा. भाकरी बी तुम्हीच थापा."

वाट्या घेतलेले हात खाली आले. ह्यांचा चेहरा असा झाला की मला माझ्याच बोलण्याचं वाईट वाटायला लागलं, पण मी दारातून हलले नाही. ते चरवीकडे बघत राहिले. मला वाटलं आता चरवी आपटतात. पण ते नातीकडे वळले आणि हळू आवाजात म्हणाले,

"माय, ही म्हैस तुझी हाय."

"माझी म्हणजे खरंच माझी?" तिनं विचारलं.

"व्हय."

"मग दूध कुणाचं?"

"तुझंच की."

"पण मला चालत नाही ना, अज्जा."

"म्हणून तर इचारायलोय. तूच सांग, कुणाला देऊ?"

तिनं विचार केला. वाटी घेतलेल्या माझ्या नणंदेकडे बघितलं, दिराकडे बघितलं, आणि मग त्या ओल्या, थरथरणाऱ्या टोणग्याकडे, जो उभं राहायचा प्रयत्न करून पुन्हा पुन्हा पडत होता.

"तिचं पिल्लू आहे ना," ती म्हणाली, "त्याला द्या."

दीर हसला. टोणग्याला खरवस, असं काहीतरी म्हणाला. ह्यांनी त्याच्याकडे असं बघितलं की तो हसायचा थांबला. म्हैस तिची म्हटल्यावर शब्दही तिचाच, हे त्यांचं त्यांनाच टाळता येईना. आयुष्यभर पेल्यानं दूध मोजणाऱ्या त्या माणसानं पारडाला उचलून कासेखाली धरलं, आणि ते पोटभर पिईपर्यंत तसंच धरून ठेवलं. जास्त झालं तर हगवण लागेल म्हणून थोडं थांबवलं, चरवीतलं राखून ठेवलं आणि संध्याकाळी बांबूच्या नळीनं त्यालाच पाजलं. एक थेंब घरात आला नाही. गावात आमच्याइतका खुळा माणूस दुसरा नसेल, असं ते स्वतःच पुटपुटत होते.

राहिला प्रश्न खरवसाची वाट बघणाऱ्या पंगतीचा. रात्री पानं मांडेपर्यंत माझा केक तेवढा तयार झाला होता. सगळे मुकाट्यानं बसले आणि मुकाट्यानं खाल्ला. हेही बसले. तुकडा बराच वेळ तोंडात फिरवत राहिले, पण शेवटपर्यंत खाल्ला. एक शब्द बोलले नाहीत. बोलले असते तर बरं झालं असतं, मला भांडायला तरी मिळालं असतं. नात उठून सगळ्यांची ताटं बघून आली, अज्जाच्या ताटाजवळ जरा जास्त थांबली, आणि मग जागेवर येऊन बसली.

त्यानंतर ती होती तोवर प्रत्येक धारेच्या वेळी हे तिला विचारायचे, आज कुणाला? आणि ती दर वेळी तेच सांगायची, पिल्लाला. मोठ्या म्हशींचं दूध चहाला होतं म्हणून दंगा झाला नाही. पण जाताना माझ्याकडे बघून नणंद म्हणालीच, या वर्षी माहेरी येऊन दगडासारखा केक आणि कोरड्या वाट्या. मी म्हटलं, पुढच्या वर्षी दात तपासून या.

निघायच्या वेळी लेकीच्या आणि जावयाच्या हातावर दही घातलं. नातीसमोर हे वाडगा घेऊन उभे राहिले आणि मग वाडगा माझ्या हातात देऊन तिला विचारलं, आता तू चाललीस, मी रोज कुणाला इचारू? ती गाडीत बसता बसता म्हणाली, फोन करा ना.

मला वाटलं, बोलली नि विसरली. पण ह्या माणसानं ते धरून ठेवलं. ज्यांनी मोबाइलला कधी हात लावला नव्हता, वाजला की माझ्याकडे ढकलायचे, ते संध्याकाळची धार काढून गच्चीवर रेंज शोधत फिरायला लागले. मला नंबर लावायला लावायचे आणि मग माझ्या हातातून घ्यायचे. "हां माय, आज कुणाला देऊ?" एवढंच. बरेच दिवस पिल्लालाच मिळालं. टोणगा असा माजला की गावातली माणसं बघायला येऊन हसून जायची. मग एक दिवस तिनं सांगितलं, थोडं अज्जाला चहाला. ते खाली आले तेव्हा त्यांचे डोळे ओले होते, आणि मला म्हणाले, चहा ठेव. जसं काही तिनं नसतं सांगितलं तर मी ठेवत नव्हते. पुढे डेअरीचंही तिनंच ठरवलं, आणि तिनं हो म्हणेपर्यंत त्या म्हशीचं दूध डेअरीच्या टेम्पोत चढलं नाही.

मी मात्र चिडायचे ती चिडायचेच. जातं मी ओढलं, वाळू मी चाळली, गावातल्या म्हाताऱ्यांशी वैर मी घेतलं, आणि पोर फोनवर बोलायची ती म्हशीशी आणि अज्जाशी. लेक सांगायची, आई, तिनं शाळेत सगळ्यांना सांगितलंय की माझी म्हैस आहे. मी म्हणायचे, छान. माझ्या केकचं काही? लेक म्हणायची, तो आठवतो ग तिला. कसा आठवतो ते ती सांगायची नाही आणि मीही विचारायचे नाही.

पुढच्या एप्रिलमध्ये जावयाचा फोन आला. सुट्टी मंजूर झाली आहे, येतो म्हणाला. एवढंच. मी गाद्या उन्हात काढल्या. त्या संध्याकाळी हे गच्चीवरून नेहमीसारखे बोलत होते, आणि मधेच खाली हाक मारली. वर गेले तर फोन माझ्यासमोर धरलेला. म्हणाले, तुला बोलवायलीय.

मी फोन कानाला लावला. आता टोणग्याला काय घालायचं ते मला सांगणार असेल, अशी तयारी करून लावला.

"आजी," ती म्हणाली, "यंदाही सगळ्यांना तोच केक देणार ना? मला आणि सगळ्यांना?"

"सगळ्यांना."

"ज्यांना आवडत नाही त्यांनापण?"

"त्यांना आधी," मी म्हटलं.